टोर्नेडोच्या मुलखात : मूर ते जॉप्लिन

शनिवार, मूर

दुपारचे बरोबर बारा वाजले आणि अमेरिकेतल्या ओक्लाहोमा राज्यातल्या मूर गावावर भोंगा घुमायला लागला. चढत चढत वर गेलेला तो आवाज तिथेच टिकून राहिला. मी गाडीतून उतरून आभाळाकडे बघायला लागलो. आभाळ निळंशार होतं. रस्त्यावर कोणी साधं वर पाहिलंही नाही. पंपावर एक जण शांतपणे पेट्रोल भरत होता. शेजारच्या अंगणात एक बाई झाडांना पाणी घालत होत्या.

"काका, वादळाच्या इशाऱ्याच्या भोंग्याची चाचणी आहे," पुतणी म्हणाली. "दर शनिवारी बाराला वाजतो. आभाळ भरून आलेलं असलं तर मात्र त्या दिवशी वाजवत नाहीत. खरा कुठला आणि चाचणीचा कुठला, असा घोळ नको."

ती इथून जवळच, नॉर्मनच्या ओक्लाहोमा विद्यापीठात हवामानशास्त्र शिकते. टोर्नेडो, म्हणजे ढगातून जमिनीपर्यंत उतरणारा हवेचा भोवरा, कसा तयार होतो ते त्याच्याच मुलखात जाऊन समजून घ्यायचं आणि तो जिथून गेला ती गावं बघायची, एवढ्यासाठी मी आलो होतो. मे महिन्याचा उत्तरार्ध तिनेच सुचवला. विमान, भाड्याची गाडी, मोटेल हे सगळं सुरळीत पार पडलं.

मूर हे ओक्लाहोमा सिटीला दक्षिणेकडून चिकटलेलं गाव आहे. ३ मे १९९९ रोजी इथून गेलेल्या टोर्नेडोत फिरत्या रडारने मोजलेला वारा ताशी ४८० किलोमीटरच्या पुढे होता. त्यात ३६ माणसं गेली. २००३ च्या मे महिन्यात गावाला पुन्हा तडाखा बसला. २० मे २०१३ ला सर्वांत वरच्या, म्हणजे ईएफ-५ श्रेणीचा टोर्नेडो आला आणि २४ जण गेले. त्यांतली सात मुलं प्लाझा टॉवर्स प्राथमिक शाळेतली होती. टोर्नेडो जमिनीला टेकण्याच्या १६ मिनिटं आधी इशारा दिला गेला होता. शाळेपर्यंत पोचायला त्याला त्यानंतरही वेळ लागला. पण त्या शाळेत लपायला पक्की जागाच नव्हती.

शाळा त्याच जागी पुन्हा बांधली आहे आणि आता तिच्यात सुरक्षित खोल्या आहेत. मी रस्त्याच्या पलीकडे उभं राहून इमारत बघितली. पुढच्या वर्षी, २०१४ मध्ये, गावाने घरबांधणीचे नियम बदलले. नवं घर ताशी १३५ मैलांच्या, म्हणजे साधारण २१७ किलोमीटरच्या वाऱ्याला टिकलं पाहिजे. त्यासाठी छत भिंतींना आणि भिंती पायाला लोखंडी पट्ट्यांनी जखडायच्या. ईएफ-५ पुढे असं घरही टिकत नाही. पण बहुसंख्य टोर्नेडो कमी ताकदीचे असतात आणि मोठ्या टोर्नेडोच्या कडेलाही वारा कमीच असतो. तिथे या पट्ट्यांनी घर वाचू शकतं.

संध्याकाळी पुतणीच्या घरमालकीण बाईंनी गॅरेज उघडून दाखवलं. त्या निवृत्त शिक्षिका. इकडे लाल चिकणमातीमुळे घरांना तळघरं सहसा नसतात, म्हणून गॅरेजच्या फरशीतच खड्डा खणून पोलादी पेटी बसवतात. बाईंनी गाडी मागे घेतली, वाकून कडी ओढली आणि जाड पत्र्याचं झाकण रुळांवरून सरकलं. आत उभ्या पायऱ्या, समोरासमोर दोन बाकडी. बाकड्याखाली पाण्याच्या बाटल्या, टॉर्च, शिट्टी, सायकलची हेल्मेटं आणि एका पिशवीत सगळ्यांचे जुने बूट.

"बूट कशाला?" मी विचारलं.

"बाहेर येताना पायांखाली काचा आणि खिळेच असतात. रात्री पळणारा माणूस अनवाणीच पळतो," बाई म्हणाल्या.

कोपऱ्यात गाडीचा जॅक होता. झाकणावर मलबा पडून ते अडकलं तर आतून रेटायला. आणि या पेटीची नोंद नगरपालिकेकडे केलेली आहे. घर जमीनदोस्त झालं तर नेमकं कुठे खणायचं, हे बचाव पथकाला त्यावरून कळतं.

*जाणाऱ्यांसाठी:* मोटेलमध्ये खोली घेताना काउंटरवर 'शेल्टर कुठे आहे' असं सरळ विचारा. कोणाला त्यात वावगं वाटत नाही. शेल्टर नसेल तर तळमजल्यावरची, बिनखिडक्यांची, बाहेरच्या भिंतींपासून दूरची जागा कोणती ते विचारून ठेवा. बहुधा ती न्हाणीघर असते.

रविवार

दिवसभर पाऊस. विश्रांती.

सोमवार, नॉर्मन

नॅशनल वेदर सेंटरची इमारत विद्यापीठाच्या आवारात आहे. बघायला जायचं तर आधी नाव नोंदवावं लागतं आणि सोबत ओळखपत्र ठेवावं लागतं. देशभरातल्या टोर्नेडोंचा अंदाज देणारं स्टॉर्म प्रेडिक्शन सेंटर इथेच आहे. काचेपलीकडे माणसं अनेक पडद्यांसमोर बसून काम करत होती, आणि खोलीत विलक्षण शांतता होती.

खालच्या कॅफेटेरियात पुतणीने मला सगळं पहिल्यापासून सांगितलं. मैदानाच्या या पट्ट्यात वसंतात हवेचे थर एकावर एक येऊन बसतात. खाली मेक्सिकोच्या आखातावरून आलेली उबदार, दमट हवा. तिच्यावर नैऋत्येकडच्या पठारांवरून सरकलेला कोरडा, गरम थर. त्याच्याही वर थंड हवा आणि पश्चिमेकडून येणारे जोरदार वारे. मधला कोरडा थर खालच्या हवेला वर उठू देत नाही, त्याला इथे 'कॅप' म्हणतात. दुपारभर ऊन खालची हवा तापवत राहतं. कॅप टिकली तर दिवस कोरडा जातो. ती एखाद्या ठिकाणी फुटली, तर तासाभरात बारा-पंधरा किलोमीटर उंचीचा ढग उभा राहतो.

"पण नुसता ढग पुरत नाही. फिरकी लागते," ती म्हणाली आणि तिने माझी पेन्सिल मागितली. दोन तळहातांमध्ये आडवी धरली. "खालचा हात म्हणजे जमिनीजवळचा वारा. मंद, आग्नेयेकडून येणारा. वरचा हात म्हणजे वरचा वारा. जोरदार, पश्चिमेकडून येणारा." तिने वरचा तळहात जोरात पुढे सरकवला आणि पेन्सिल जागच्या जागी गरगरली. "हवा अशी आडवी लोळत असते. आता खालून वर जाणारा झोत तिला उचलतो." तिने पेन्सिल फिरवता फिरवता उभी केली. "झाली उभी फिरकी. हा मेसोसायक्लोन. ज्या ढगात तो आहे तो सुपरसेल."

मला वाटलं, संपलं. पण खरी अवघड पायरी पुढेच आहे. ही फिरकी ढगाच्या पोटात असते, काही किलोमीटर रुंद. टोर्नेडो व्हायला ती जमिनीलगत हवी आणि अरुंद व्हायला हवी. ढगाच्या मागच्या अंगाने हवेचा एक झोत खाली उतरतो, जमिनीवर पसरतो आणि फिरकी खाली आणायला मदत करतो. तो झोत फार थंड असेल तर जड हवा जमिनीवरच बसून राहते. बेताचाच गार असेल तर ढग त्या हवेला पुन्हा वर ओढून घेतो. हवेचा खांब ताणला जाऊन बारीक होतो आणि बारीक होता होता त्याचा वेग भयंकर वाढतो. बहुतेक सुपरसेल ढगांतून टोर्नेडो पडतच नाही. शेजारशेजारच्या दोन ढगांपैकी एकच का पाडतो, हे शोधायला १९९४-९५ आणि पुन्हा २००९-१० मध्ये शास्त्रज्ञ रडारच्या गाड्या घेऊन याच मैदानांत फिरले. या प्रश्नाचं पूर्ण उत्तर अजून हाती आलेलं नाही.

मग तिने रडारचं एक जुनं चित्र दाखवलं. डॉप्लर रडारला वारा आपल्याकडे येतोय की दूर जातोय हे कळतं. येणारा हिरवा, जाणारा लाल. गडद हिरवा आणि गडद लाल ठिपका एकमेकांना खेटून दिसले की तिथे हवा गरगरते आहे. ही खूण १९७३ मध्ये युनियन सिटीच्या टोर्नेडोत सापडली. तेही गाव इथून जवळच.

मंगळवार, एल रिनो ते टेक्ससची हद्द

सकाळी अंदाज बघून पुतणीचा वरच्या वर्गातला मित्र गाडी घेऊन आला. बरीच वर्षं वादळांमागे जाणारा, बोलायला अगदी मितभाषी मुलगा. त्याने निघतानाच अट घातली : रात्र पडली की पाठलाग बंद, आणि गाडी नेहमी सुटकेच्या रस्त्याच्या तोंडाशीच उभी राहणार.

पहिला थांबा एल रिनो. तव्यावर कांद्याचा ढीग मांसाच्या गोळ्यात दाबून भाजलेला बर्गर ही या गावाची खासियत. मंदीच्या काळात मांस महाग होतं, म्हणून कांदा वाढवत नेला. कडा करपेपर्यंत भाजलेला तो कांदा इतका गोड लागतो की मी दुसरा मागवला.

गावाबाहेर शेतातल्या रस्त्याच्या कडेला एक छोटं स्मारक आहे. तिथे तो मुलगा बराच वेळ उभा राहिला. ३१ मे २०१३ ला इथे सुमारे ४.२ किलोमीटर रुंदीचा टोर्नेडो झाला. आजवर नोंदलेला हा सर्वांत रुंद. टिम समारास, त्यांचा मुलगा पॉल आणि सहकारी कार्ल यंग हे तिघे त्यात गेले. समारास अत्यंत सावध संशोधक म्हणून ओळखले जात. २००३ मध्ये साउथ डकोटातल्या मँचेस्टरजवळ त्यांनी टोर्नेडोच्या वाटेत ठेवलेल्या यंत्राने हवेचा दाब १०० मिलिबारनी घसरल्याची नोंद केली होती. एल रिनोच्या टोर्नेडोने अचानक दिशा बदलली, वेग वाढवला आणि काही मिनिटांत तो पसरत गेला. पावसाच्या पडद्याआड त्याची कड कुठे आहे तेच दिसत नव्हतं.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. या टोर्नेडोची अधिकृत श्रेणी ईएफ-३ आहे, जरी रडारने त्याच्यातला वारा ताशी ४७० किलोमीटरच्या आसपास मोजला होता. कारण श्रेणी वाऱ्यावरून थेट ठरत नाही, मागे राहिलेल्या पडझडीवरून ठरते. टेड फुजिता यांनी १९७१ मध्ये मांडलेली ही पद्धत २००७ मध्ये सुधारली गेली, तीच ही ईएफ, म्हणजे सुधारित फुजिता मोजपट्टी. तपासनीस घरं, शाळा, झाडं, खांब अशा २८ प्रकारच्या गोष्टींचं किती आणि कसं नुकसान झालं ते बघतात आणि वाऱ्याचा अंदाज करतात. मोकळ्या शेतात पाडायला काही नसलं की श्रेणी खाली राहते. त्यामुळे आकड्यावरून त्या वादळाची भीती मोजू नये, असं मला तिथे उभं राहून ठामपणे वाटलं.

दुपारी चारच्या सुमारास टेक्ससची हद्द ओलांडून आम्ही व्हीलर गावाजवळ थांबलो. पश्चिमेला ढग चढत होता. त्याच्या कडा अजून कोबीच्या गड्ड्यासारख्या कडक होत्या. पुतणीने सांगितलं की कडा अशा रेखीव दिसत असतील तर ढग अजून वाढतोय. पाठीमागून वारा सुटला होता, दमट आणि गरम. धूळ, गवताच्या काड्या, सगळं ढगाकडे चाललं होतं. "तो श्वास घेतोय," मुलगा म्हणाला. दिवसभरातलं त्याचं हे सर्वांत लांब वाक्य असावं.

ढगाचा तळ काळा आणि सपाट होता. त्याच्या एका भागातून आणखी एक तुकडा खाली लोंबायला लागला. ही वॉल क्लाउड. सुरुवातीला मला ती स्थिर वाटली. मग तिच्या कडेच्या एका चिंधीवर नजर ठेवली. ती चिंधी डावीकडून पुढे आली, उजवीकडे गेली, मागे वळली. सगळा तुकडाच घड्याळाच्या उलट दिशेने फिरत होता. उत्तरेकडच्या पावसात हिरवट उजेड पडला होता. त्या भागात गारा पडत असल्याची खबर आली. तिघांचे फोन एकदम कर्कश वाजले. टोर्नेडोचा इशारा.

पाठीवरचा वारा अचानक थांबला. पुढच्याच क्षणी समोरून गार हवा आली, ओल्या मातीच्या वासाची. शर्ट छातीला चिकटला. वॉल क्लाउड विरायला लागली, तिचे तुकडे तुकडे होऊन वर ओढले गेले.

"थंड हवा खाली शिरली, काका. खालचा पुरवठा तुटला."

दहा मिनिटांत सगळं विस्कटलं. टोर्नेडो झाला नाही. मला हायसं वाटलं. ढगाच्या वाटेत पुढे एक गाव होतं आणि तिथले लोक त्या वेळी फरशीखालच्या पेटीत बसले असतील.

*जाणाऱ्यांसाठी:* स्वतःच्या जिवावर पाठलाग करू नका. अनुभवी मार्गदर्शकांच्या सहली असतात. त्यातही टोर्नेडो दिसेलच असं नाही, याची तयारी ठेवा. इशारा झाला आणि तुम्ही गाडीत असाल तर पुलाखाली थांबू नका. १९९९ मध्ये अशा तीन वेगवेगळ्या पुलांखाली माणसं दगावली, कारण पुलाखालच्या अरुंद जागेत वारा उलट जोर धरतो आणि उडणारे तुकडे तिथेच येऊन आदळतात. आणि 'वॉच' व 'वॉर्निंग' यांत गल्लत करू नका. वॉच म्हणजे परिस्थिती टोर्नेडो होण्याजोगी आहे. वॉर्निंग म्हणजे रडारवर किंवा डोळ्यांना दिसलं आहे, लगेच आत जा.

बुधवार, वुडवर्ड आणि ग्रीन्सबर्ग

मुक्काम वुडवर्डला होता. ९ एप्रिल १९४७ च्या रात्री या गावात शंभरहून अधिक माणसं मेली. त्यांना कसलीही सूचना मिळाली नव्हती. त्या काळी हवामान खातं टोर्नेडोचा अंदाज देतच नसे. लोक घाबरतील ही भीती. पुढच्याच वर्षी, २० मार्च १९४८ ला, ओक्लाहोमा सिटीजवळच्या टिंकर हवाई तळावर टोर्नेडोने विमानं उलथवली. तळावरचे अधिकारी फॉबुश आणि मिलर यांना असं पुन्हा घडण्याआधी सांगता येईल का ते शोधायला लावलं. पाचव्या दिवशी नकाशे पाहताना तीच परिस्थिती दिसली. त्यांनी अंदाज दिला, विमानं आणि माणसं हलवली गेली, आणि संध्याकाळी टोर्नेडो खरोखर त्याच तळावरून गेला. टोर्नेडोचा हा पहिला यशस्वी अंदाज. वुडवर्डच्या त्या रात्रीनंतर तो फक्त एक वर्षाने आला, हे मनातून जात नाही.

तिथून सरळ उत्तरेला कॅन्ससमधलं ग्रीन्सबर्ग. ४ मे २००७ च्या रात्री पावणेदहाच्या सुमारास गावाहून रुंद टोर्नेडो गावावरून गेला. ९५ टक्के गाव नाहीसं झालं. सुधारित मोजपट्टीवर ईएफ-५ ठरलेला हा पहिला टोर्नेडो. इशारा वेळेवर मिळाल्यामुळे आणि इथल्या घरांना तळघरं असल्यामुळे जवळजवळ दीड हजार वस्तीतली बहुतेक माणसं वाचली.

आज गाव विरळ आहे. मधेच रिकामे प्लॉट लागतात, ज्यांच्यापर्यंत येणारी पायवाट उरली आहे आणि पायवाटेच्या टोकाला गवत. जे परतले त्यांनी मात्र ठरवून पर्यावरणाला धरून गाव बांधलं. सार्वजनिक इमारती कमीत कमी ऊर्जा खातात आणि वीज पवनचक्क्यांची येते. ज्या वाऱ्याने गाव नेलं त्याच वाऱ्यावर ते चालतं, हे तिथला प्रत्येक जण पाहुण्याला सांगतो, आणि सांगताना त्याचा चेहरा खुलतो. १८८८ मध्ये हातांनी खणून पुरी केलेली १०९ फूट खोल विहीरही आहे. तिच्याभोवतीच नवं संग्रहालय उभारलं आहे. विहिरीत उतरता येतं. वादळात वरचं सगळं गेलं, पण ही विहीर राहिली.

गुरुवार, जॉप्लिन

ग्रीन्सबर्गहून मिझुरीतल्या जॉप्लिनला पोचायला दिवसाचा मोठा भाग गाडीत जातो. रस्ता सरळ, बघण्यासारखं थोडं.

२२ मे २०११, रविवारची संध्याकाळ. ईएफ-५. पावसात गुंडाळलेला, जवळपास दीड किलोमीटर रुंद टोर्नेडो शहराच्या मधून गेला आणि १५८ जण त्यात मेले. सेंट जॉन्स हॉस्पिटल त्याच्या वाटेत होतं. इमारत उभी राहिली, पण खिडक्या गेल्या, वीज गेली, जनरेटर गेला. कृत्रिम श्वासावरचे रुग्ण त्यातच दगावले. तिथले एक्स-रे आणि कागद शंभर किलोमीटरवरच्या गावांत सापडले. पुढच्या काही दिवसांत डॉक्टरांना जखमांमध्ये पांढरट बुरशी दिसायला लागली. माती आणि लाकडाचे कण वाऱ्याने मांसात खोल घुसवले होते. तेरा जणांना म्युकरमायकोसिस झाला आणि त्यांतले पाच वाचले नाहीत. टोर्नेडोने माणूस मरतो तो बहुधा उडणाऱ्या वस्तूंनी, हे वाचलं होतं. ते तुकडे आठवडाभर शरीरात काम करत राहतात, हे इथे कळलं.

नवं हॉस्पिटल २०१५ मध्ये दुसऱ्या जागी सुरू झालं. अतिदक्षता विभागाच्या खिडक्या ताशी २५० मैलांच्या वाऱ्याला टिकतील अशा आहेत आणि वीजयंत्रणा वेगळ्या इमारतीत ठेवून भुयाराने जोडली आहे.

जुन्या जागेजवळच्या कनिंगहॅम पार्कमध्ये मृतांच्या आठवणीसाठी झाडं लावली आहेत. बाकावर एक आजोबा बसले होते. कुठून आलात म्हणून त्यांनीच विचारलं आणि मग आपणहून सांगायला लागले. पहिला भोंगा पाच वाजून अकरा मिनिटांनी झाला. "आम्ही दारात येऊन आभाळ बघितलं. भोंगे तर इथे दरवर्षी वाजतात. बायको म्हणाली, टीव्ही लाव. टीव्ही लावला, मुलाला फोन केला. दुसरा भोंगा झाला तेव्हा आम्ही जिन्याखाली गेलो. शेजारी टीव्हीसमोरच होते."

दोन भोंग्यांमध्ये सत्तावीस मिनिटं होती. नंतरच्या सरकारी तपासातही हेच आढळलं की पहिल्या भोंग्यावर बहुतेकांनी हालचाल केली नाही, आणखी एखादी खूण मिळायची वाट पाहिली. पुतणी ऐकत होती. तिला पुढे नेमकं याच्यावर काम करायचं आहे : इशारा मिळाल्यावर माणूस उठून आत जाईपर्यंत काय काय करतो. तिने आजोबांना विचारलं, फोनवर जो संदेश येतो त्याच्यात काय लिहिलेलं असतं तर तुम्ही लगेच उठला असता?

आजोबांनी थोडा विचार केला. "माझ्या रस्त्याचं नाव," ते म्हणाले.

तिने वही काढून ते लिहून घेतलं, आणि त्यांना पुढचा प्रश्न विचारला.